कॅमेऱ्याशेजारी उभे राहणारे एर्नेस्तोकाका

एर्नेस्तोकाकांची आणि माझी पहिली भेट झाली, तेव्हा माझं डोकं फिरलेलं होतं. इथे परदेशात, श्रूजबरीच्या आमच्या मराठी नाटकमंडळींची तालीम, नायक ट्रॅफिकमध्ये अडकलेला, आणि अशा वेळी आमच्यातला निखिल आपल्या सासऱ्यांना घेऊन दारात. "अरे, बाबा घरी बोअर होतात. अर्जेंटिनात सिनेमात होते. बसू दे ना यार कोपऱ्यात." घ्या, म्हटलं, आता एवढंच राहिलं होतं!

चहाच्या वेळी मी आपलं विचारायचं म्हणून विचारलं, "काका, हिरो होतात का?" ते खो खो हसले आणि आपल्या स्पॅनिश वळणाच्या इंग्रजीत म्हणाले, "छे हो! मी हिरोचा मेहुणा."

ते खरंच होतं. ब्युनोस आयरिसच्या सिनेमांत काकांनी जन्मभर वेटर, फौजदार, नायिकेचा थोरला भाऊ, ऑपरेशन थिएटरबाहेर येऊन मान हलवणारे डॉक्टर अशीच कामं केली. पोस्टरवर नाव असलंच तर शेवटी, बारीक अक्षरात. त्याचं वाईट वाटतं का, असं मी एकदा आगाऊपणे विचारलं. "वाटतं म्हणजे काय! तरुणपणी घरातला आरसा फोडला होता मी," ते म्हणाले. उगीच संतपणाचा आव आणणं काकांना जमत नाही, हे मला त्या दिवशी फार आवडलं.

त्यांची कामाची एक रीत मात्र सर्वांनी ऐकावी अशी आहे. सिनेमात नायिकेचा क्लोजअप घेतात, तेव्हा समोरच्या नटाचं पडद्यावर काहीच दिसत नाही. त्याने घरी जायला हरकत नसते, त्याची वाक्यं कुणीतरी कागदावरून वाचतं. काका कधीच गेले नाहीत. एका नवख्या मुलीचा रडण्याचा प्रसंग होता. काकांचं शूटिंग संपलेलं, अंगात ताप, बाहेर गाडी उभी. तरीही ते कॅमेऱ्याशेजारी उभे राहिले आणि तिच्यासाठी प्रत्येक वेळी नव्याने रडले. "तिला भिंतीकडे बघून कसं रडता येईल?" एवढंच त्यांचं म्हणणं. आमच्याकडे दुसऱ्याचं स्वगत सुरू झालं की बाकीची मंडळी समोशांकडे पळायची. काका आल्यापासून त्यांची पळायची हिंमत होईना.

आता सुलभाकाकूंबद्दल. आमच्या मंडळींतल्या सर्वांत ज्येष्ठ आणि एके काळच्या सर्वांत बडबड्या अभिनेत्री. पक्षाघातानंतर त्यांची वाचा गेली. थेरपीने बरीच परत आली, पण शब्द अडायचे. आणि अडले की आम्ही सगळे पुढे धावायचो. त्यांनी "मला पा..." म्हटलं की दत्ताकाकांनी पाणी आणलंच. त्या बिचाऱ्यांचा बायकोवर जीव! आम्हीही प्रेमापोटीच त्यांची वाक्यं पुरी करत होतो, आणि काकू हळूहळू गप्प होत चालल्या होत्या.

एर्नेस्तोकाकांना मराठी येत नव्हतं. काकूंचं वाक्य पुरं करणं त्यांना शक्यच नव्हतं. ते समोर बसायचे, त्यांच्या तोंडाकडे बघायचे आणि थांबायचे. काकू त्यांना पुरणपोळीची कृती सांगायच्या, तीही मराठीत! थंडी सरता सरता काकूंनी मला फोन केला, स्वतः. "या नाटकात... मला घे. आता नाही बोलले, तर... परत नाही बोलणार मी."

दत्ताकाका चिडले. "तिचं चारचौघांत हसं झालं, तर ती खोलीबाहेर यायची नाही, सांगून ठेवतो!" त्यांचं खोटं नव्हतं. मी घाबरत घाबरतच काकूंना घेतलं. घर सोडायला नकार देणाऱ्या म्हातारीची भूमिका काकूंची, आणि नुसतं तिचं ऐकून घेणाऱ्या परदेशी शेजाऱ्याची एर्नेस्तोकाकांची.

प्रयोगाच्या दुपारी शाळेचं सभागृह भरलेलं होतं. शेवटच्या स्वगतात काकू "मला अजून..." म्हणाल्या आणि थांबल्या. ओठ हलत होते, शब्द येत नव्हता. विंगेतून माझी बायको केतकी प्रॉम्प्टिंगची वही घेऊन पुढे सरकली. पहिल्या रांगेतले दत्ताकाका अर्धे उठले, आता हे ओरडून वाक्य सांगणार, हे मला दिसत होतं. प्रेक्षकांकडे पाठ करून बसलेल्या एर्नेस्तोकाकांनी मागे वळूनही न बघता एक हात मागे आणला आणि पंजा उघडला. थांबा. केतकी थांबली. दत्ताकाका तसेच अवघडून उभे. कुणीतरी खोकलं. काका काकूंकडे नुसते बघत होते, जणू त्यांना कुठेच जायची घाई नव्हती.

"मला अजून... बोलायचंय," काकू म्हणाल्या. "सगळ्यांनी... जरा थांबा."

हे वाक्य नाटकात नव्हतं. त्यापुढचं स्वगत मात्र काकूंनी अडखळत, स्वतःच्या चालीने, शेवटपर्यंत म्हटलं. दत्ताकाका खाली बसले आणि ढसाढसा रडले. मीही रडलो, लपवायचं कशाला!

नंतर मी काकांना विचारलं, "त्या बोलतील याची खात्री होती?" "मुळीच नाही," ते म्हणाले. "माझे गुडघे लटपटत होते, म्हणून तर उठलो नाही."

काका, आज आपण पंच्याहत्तरी पूर्ण करत आहात. आम्हा सर्वांचा मनापासून नमस्कार. सत्काराचं मुख्य भाषण सुलभाकाकू करणार आहेत. कुणाचंही ऐकायला त्या तयार नाहीत, वेळेची मर्यादा त्यांनी फेटाळली आहे, आणि सध्या रोज सकाळी फोन करून त्या मला झापत असतात. त्यांचं बोलणं इतक्यात संपण्याची चिन्हं नाहीत. तेव्हा प्रकृती सांभाळा. ते सगळं ऐकून होईपर्यंत आपल्याला ठणठणीत राहायचं आहे.