शेकरांची सोयरीक

"एका घरात! अरे, एका घरातल्या एका घरात लग्नां लावतास तुमी! लाज नाय वाटत?"

डिचोलीच्या पुढे, देवराईखालच्या वळणावर खनिजाने भरलेल्या ट्रकांची रांग पार खालच्या ओहोळापर्यंत खोळंबली होती, आणि पहिल्या ट्रकच्या बॉनेटला पोट टेकवून, छत्री उगारून आमच्या हिचे मामा ओरडत होते. समोर खाणीचा मुकादम हात जोडून उभा, त्याच्या मागे कुऱ्हाड घेतलेला गडी. हे आपल्याच संसाराविषयी चाललंय असं वाटून मुकादम काकुळतीला आला होता. "मामा, माझी बायल काणकोणची. आमचा तिचा काय एक नाय हो लागत."

"तुझ्या बायलेचा कोण इचारता? मी शेकरांचा बोलतंय!"

तेरेखोलच्या किल्ल्यापासून डिचोलीच्या बाजारापर्यंत जेवढा म्हणून संताप पिकतो, त्याची सगळी कोठारं देवाने आमच्या मामांच्या नरड्यात बांधली होती, असं माझं ठाम मत आहे. ते ओरडले की माडावरची शहाळी आपण होऊन खाली यायची. तुयेला कारखान्याचा भोंगा बिघडला होता त्या आठवड्यात कामगार मामांच्या आवाजावर वेळेत पोहोचत होते म्हणतात. मी ते पाहिलेलं नाही, पण मला त्यात अशक्य असं काही दिसत नाही.

मामांचा उद्योग सोयरिकी जमवण्याचा, म्हणजे दोन घरांमधल्या 'मधल्या माणसा'चा. पेडणे, डिचोली आणि नदीपलीकडचं सावंतवाडी-वेंगुर्ले, एवढ्या मुलखातली गोत्रं, कुळदेव आणि कोणाची आत्या कोणाच्या काकाला दिली आहे हे सगळं त्यांच्या जिभेवर. ते अंगणात शिरले की लग्नाच्या मुलींपेक्षा मुलींचे बाप जास्त घाबरायचे. एकदा मांद्र्याला ऐन साखरपुड्यात त्यांनी नवऱ्या मुलाला दंडाला धरून पाटावरून उठवलं, कारण त्याच्या आणि मुलीच्या कानाची पाळी त्यांना एकसारखी दिसली. खोदून खोदून विचारल्यावर दोघांची पणजी एकच निघाली. मुलीच्या आईने मामांना तळतळाट दिला, आणि बापाने दुसरं स्थळ त्यांच्याकडूनच आणलं. "रक्त म्हणजे पेज," मामा म्हणायचे, "भायरचा पाणी पडल्याशिवाय ती शिजणा नाय."

हाच कायदा जनावरांना. गावच्या कोंबड्या गावच्याच कोंबड्यावर विसंबून राहिल्या तर अंड्याचं कवच कागदासारखं होतं, असं म्हणत ते दरवर्षी आपल्या गावाहून, तुयेहून, एक कोंबडा काखेत मारून बसने आमच्याकडे यायचे आणि आमचा घेऊन जायचे. एकदा कंडक्टरने कोंबड्याचं अर्धं तिकीट मागितलं. "नवऱ्याकडे तिकीट मागतस?" म्हणून मामा असे कडाडले की ड्रायव्हरने घाबरून बस कडेला घेतली. मग साऱ्या बसला त्यांनी कोंबड्याचं घराणं सांगितलं. उतरताना एका म्हातारीने त्याच्या तुऱ्यावर तांदळाचे चार दाणे टाकले. हे मी स्वतः पाहिलं आहे. निदान ती म्हातारी पाहिलेल्या माणसाला तरी पाहिलं आहे.

अशा माणसाच्या नजरेला शेकरू पडलं आणि खाणवाल्यांची झोप उडाली. डोंगर पूर्वी एकसंध होता. खाणीने त्याचा मधला घास घेतला आणि उरल्यासुरल्यातून रस्ता काढला. रस्त्यापलीकडे मोठं रान. अलीकडे, देवाची म्हणून कुऱ्हाडीतून वाचलेली, मूठभर झाडांची देवराई. शेकरू म्हणजे मांजराएवढी तांबूस खार, शेपटी अंगाहून मोठी. ती जमिनीवर पाय ठेवायला राजी नसते. जन्मते फांदीवर, मरते फांदीवर. रस्ता म्हणजे तिला समुद्र. त्या समुद्रावर एकच पूल उरला होता: अलीकडच्या आंब्याच्या आणि पलीकडच्या किंदळाच्या फांद्या रस्त्याच्या वर एकमेकींना टेकत होत्या. आणि ट्रकच्या टपाला लागतात म्हणून मुकादमाला त्या फांद्या तोडायच्या होत्या.

"तोडल्यास तर हंयसरली शेकरां खंय जातली लग्नाक?" मामांचा सवाल. "भाऊ-भयणी, काका-पुतणी! दोन पिढ्यांनी शेपट्यो उंदरासारख्यो, चार पिढ्यांनी डोळे तिरळे. आणि एक साथ इली की सगळी राय एका दिसात रिकामी, कारण सगळ्यांचा रक्त एक. एका पिढयेक एक नवरो भायरसून येवंदे रे, एक! तेवढ्यान घराणा तरता." देवराईतल्या शेकरांच्या शेपट्या आत्ताच चार बोटं आखूड झाल्या आहेत, असंही ते छातीठोकपणे सांगायचे. शेपटी मोजली कशी, हे विचारण्याची माझी छाती झाली नाही.

मी एकदा सुचवून पाहिलं, "मामा, पलीकडचा एखादा नर पकडून अलीकडे आणून सोडला तर?"

"जावयबापू," मामा लालबुंद झाले, "तुमी काय आमच्या भाचयेक पोत्यात घालून न्हेललास?"

ते दिवसही ओरडण्याचेच होते. गोव्याला घटकराज्याचा दर्जा मिळायचा होता, राजभाषा मराठी की कोंकणी यावरून सख्ख्या भावांनी एकमेकांच्या घरचं पाणी सोडलं होतं. मामा दोन्ही बाजूंच्या सभांना जायचे, ऐन रंगात उभे राहायचे आणि विचारायचे, "ता ऱ्हवांदे. शेकरांक वाट खंय?" दोन्हीकडून त्यांना दंडाला धरून बाहेर काढण्यात आलं. त्या वर्षी दोन्ही बाजूंचं एकमत झालेली तेवढी एकच गोष्ट.

एवढा संताप येतो कुठून, हे मला केरीला कळलं. तेरेखोलच्या फेरीबोटीची वाट बघत आम्ही धक्क्यावर उभे होतो. मामांनी छत्रीने नदीपलीकडे, वेंगुर्ल्याच्या दिशेला दाखवलं. "माझा लगीन थंय ठरललां. शालू घेवन झाललो. पोर्तुगीजांच्या वेळार हद्द बंद झाली ती झालीच. हंयसून हाक मारली तर थंय ऐकाक जाता, पण माणूस जावक शकणा नाय. हद्द उघडली तेव्हा तिका दोन पोरां." एवढं बोलून त्यांनी उशीर केल्याबद्दल फेरीवाल्याला अशा शिव्या घातल्या की तो फेरी उलटी लावून बसला. मामांनी पुढे लग्नाचं नाव काढलं नाही. दुसऱ्यांची मात्र नदीच्या अल्याड-पल्याड लावत सुटले.

फांद्या शेवटी तोडल्याच. मामा वेंगुर्ल्याला एका बोलणीला गेले होते तेव्हा. परत आल्यावर ते आंब्याखाली उभे राहिले, वरच्या भगदाडाकडे बघत, आणि मी त्यांना पहिल्यांदाच गप्प पाहिलं. मला भीती वाटली. पण दुसऱ्या दिवशी ते केरीच्या, किनाऱ्यावर जाळी ओढणाऱ्या रापणकारांकडून काथ्याचा जाडजूड दोर भांडून घेऊन आले, नारळ उतरवणाऱ्या पाडेल्याला आंब्यावर आणि मग किंदळावर चढवलं, आणि ट्रकच्या टपाच्या कितीतरी वर दोर ताणून बांधला. मुकादमाने तेवढ्यापुरते ट्रक थांबवले आणि आपण काही पाहिलं नाही असं तोंड केलं.

मग सुरू झालं वाट बघणं. काजू मोहरल्यापासून फणस पिकेपर्यंत मामा रोज सकाळी आमच्या घरची कदेल डोक्यावर घेऊन जायचे आणि त्या खुर्चीत बसून, मान वर करून शेकरांना समजावायचे. "अगो, ये! स्थळ बरा आसा! खातापिता रान आसा!" ट्रकने हॉर्न दिला की उठून अंगावर धावायचे, "गप! बघण्याचो कार्यक्रम चललोहा!" अख्ख्या डिचोलीने त्यांना वेड्यात काढलं. दोरावर कावळे बसले, वानर बसले, एक वटवाघूळ लटकून गेलं. शेकरू पलीकडच्या किंदळावर यायचं, दोराचा वास घ्यायचं आणि माघारी वळायचं. मामा घरी येऊन न जेवता निजायचे. पावसाच्या तोंडाला त्यांचा गुडघा गेला आणि ते आमच्या पडवीत खाटेवर पडले. खाटेवरून ते सरकारला, खाणीला, काथ्याला आणि शेवटी शेकरांना शिव्या घालत राहिले, पण आवाजात शहाळं पाडायची ताकद उरली नव्हती.

त्याच दिवसांत वळणावरच्या चहाच्या गाड्यावर मला एक ट्रक ड्रायव्हर भेटला, सिंधुदुर्गातला. सहज दोराचा विषय काढला.

"रोज जातत ती थंयसून," तो बशीत चहा ओतत म्हणाला. "काल तर एक मादी पिल्लाक तोंडात धरून पलीकडे गेली."

"मग इतके महिने का नाही गेली?"

"मामा खाली बसान आरडाओरड करी होते मां. कोण येतला?"

मी घरापर्यंत धावत आलो. शेकरांचं आधी सांगितलं, आणि मग, जीभ आवरायला हवी होती ती न आवरल्यामुळे, ड्रायव्हरचं शेवटचं वाक्यही सांगून बसलो. आता कौलं उडणार म्हणून हिने दाराआडून डोळे मिटून घेतले. मामांनी उशाची छत्री उचलून खाटेखाली सारली.

"मधल्या माणसान वेळेर उठाक व्हया होता," ते म्हणाले.