वाळ्याचे बुडखे

अकोल्याचा उन्हाळा कसा तापतो ते वेगळं सांगायला नको. त्या तापण्यावरच नत्थुजी सोनोने यांचा संसार उभा राहिला. कूलरला लागणाऱ्या वाळ्याच्या ताट्या ते बांधतात. वाळा म्हणजे नाल्याकाठी झुबक्यांनी वाढणारं गवत. वर छातीएवढी पाती, खाली त्याहून खोल जाऊन काठाची माती धरून ठेवणारी सुगंधी मुळं. मुळं कापून घ्यायची आणि वर उरलेला बुडखा तिथेच परत मातीत दाबायचा, हे वडिलांनी लहानपणीच हाताला लावलेलं वळण.

गेल्या चैत्रात ते मोडलं. मागणी अशी आली की ताट्या पुरेनात. मूर्तिजापूरकडे थोरल्या बहिणीचं, बेबीताईंचं, नाल्याला लागून वावर आहे. हवा तेवढा ने म्हणाल्या, वर मजुरांना ताकही पाजलं. बुडखे लावत बसायला सवड कुणाला होती? नत्थुजींनी सगळा काठ खणला, ठोंबच्या ठोंब गाडीत भरून आणले, मुळं कापली आणि बुडखे शेडमागे फेकून दिले.

आषाढात नाल्याला पूर आला. वाळा होता नेमका तिथलाच काठ खचला आणि तुरीच्या ओळी काळ्या मातीसकट वाहून गेली. बहीण फोनवर रडली. नाल्याचा काय भरोसा बाई, असं म्हणून नत्थुजींनी फोन ठेवला. त्या दिवशी त्यांना जेवण गेलं नाही.

पुढे काही कामाने ते शेडमागे गेले, तर फेकलेल्या बुडख्यांना पावसाने हिरवे कोंब फुटलेले. भर बाजारात सावकाराने नाव घेऊन हाक मारावी तशी त्यांची मान खाली गेली.

बुडखे पोत्यात भरून त्यांनी एसटी धरली. खचलेल्या काठावर ते लावणी करत होते, आणि वर बांधावर बेबीताई शेजारच्या गोदाबाईंना सांगत होत्या, "पाय वो, बोलावलं नाई, काई नाई. भाऊ असावा तं असा."

"माहा तं राखीलेबी मोबाईलवरच येते," गोदाबाई म्हणाल्या.

नत्थुजींचे हात थांबले. गप्प राहिले असते तर गावभर नाव झालं असतं.

"बाई, नाल्यानं नाई नेलं तुह्यं वावर," ते खालीच पाहत म्हणाले. "मीनं नेलं. एकबी बुडखा परत लावला नोयता."

गोदाबाई टोपलं उचलून चालत्या झाल्या. बेबीताईंनी शिव्या दिल्या असत्या तर नत्थुजींना बरं वाटलं असतं. त्या खाली उतरल्या, पोत्यातून बुडखा काढून त्यांच्यापुढे धरला.

"मंग फोनवर खोटं काहून बोलला?"

नत्थुजींनी बुडखा घेतला आणि मातीत दाबला.

दुपारी डबा सोडला तेव्हा बेबीताईंनी नत्थुजींची भाकर नेहमीसारखी हातात दिली नाही. बांधावर, फडक्यावर ठेवली, आणि आपण पाठ फिरवून जेवायला बसल्या.