पोपटाच्या आतला वाल्दिर

कोल्हापूरच्या स्टँडवर मुंबईची बस सुटायला दहा मिनिटं होती, तरी दादांचं चालूच होतं. दादा म्हणजे माझे वडील. जन्मभर सिनेमात मेकअपमन. "आधी चेहरा बघ, मग रंग काढ," हे त्यांनी मला सतरांदा ऐकवलं. तिकडची शूटिंगं आटली होती, मी दोह्याला निघालो होतो आणि ती बस एकदाची सुटावी एवढंच मला वाटत होतं.

इथे एका इव्हेंट कंपनीत लागलो. तुम्ही गावाकडचे मित्र फोनवर म्हणायचात, वर्ल्डकपच्या गावात आहेस, मजा आहे. ऐका मग मजा.

आमच्या सेटवर वाल्दिर नावाचा ब्राझीलचा सुतार होता. दोह्याच्या अल नस्र भागात माझ्याच बिल्डिंगमध्ये राहायचा. तिकडे ब्राझीलमध्ये त्याने वीस वर्षं स्वस्तातल्या भुताखेतांच्या सिनेमांत कामं केली. दलदलीतला राक्षस, माणसाचा झालेला लांडगा, कबरीतून वर येणारं प्रेत. दर वेळी मुखवटा. स्वतःचा चेहरा एकाही सिनेमात नाही, आणि त्याच्या म्हाताऱ्या आईला तेवढाच बघायचा होता.

वर्ल्डकपच्या आधी एका जाहिरातीसाठी ब्राझीलचे फॅन हवे होते. वाल्दिर गुळगुळीत दाढी करून, पिवळा शर्ट इस्त्री करून आला. गोरा, घारा, पन्नाशीचा. मॅनेजर म्हणाला, "ये तो जर्मन लगता है." मग माझ्याकडे वळून, "अपने लड़के ले लो. यल्ला, चलो!"

आणि मी घेतले! मेकअपच्या पेटीला नमस्कार करून, घरच्या रीतीप्रमाणे, मी केरळच्या आणि लंकेच्या पोरांना कुरळे विग चढवले, गालांवर झेंडे काढले.

वर मला शहाणपण सुचलं. "सर, याला कुठेतरी ॲडजस्ट करा ना." सरांनी केलं. नाचणाऱ्या पोपटाचा पोशाख दिला. ते पोपटाचं डोकं मीच त्याच्यावर चढवलं, मानेमागचे बंद मीच बांधले. आतून तो एवढंच म्हणाला, "अगेन." दुपारभर उन्हात नाचला. मी सावलीत उभा राहून "येस सर" करत होतो. आजही आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

जाहिरात तिकडे टीव्हीवरही लागली. माझ्या आईचा फोन आला, खुशीत. "ब्राझीलवाले काय दिसत्यात रे! अगदी तिकडचेच!"

मी भडकलो. "एकही तिकडचा नाही त्यात! खरा होता त्याला पोपटात कोंबला, आणि तोही मी!" साहेबासमोर माझी दातखीळ बसली होती, आईसमोर बरोबर तोंड सुटलं. घर सोडून आलेल्यांनो, तुम्हीही हेच करता. इथे गिळायचं आणि तिकडे ओकायचं. घर आपल्याला आता तेवढ्यापुरतंच उरलंय, याचीच चीड येते.

आईने मला ओरडू दिलं. मग म्हणाली, "झालं वरडून? आता सांग, दिसतोय कसा त्यो?"

मी कपाळापासून सुरुवात केली. घारे डोळे, कधीतरी मोडून बसलेलं नाक, हसताना आधी डावीकडे जाणारे ओठ. आई "हं, हं" करत होती. हनुवटीपर्यंत आलो तेव्हा म्हणाली,

"चांगलं दिसतंय की रे लेकरू!"