अपिलाच्या दिवशी नटून आलेली

वकिलीच्या पहिल्या वर्षी मी स्वतःला काय समजत होते, ते आठवलं की आज नातवंडांसमोरही हसू आवरत नाही. काळा कोट दोन मापं मोठा आणि अक्कल तेवढीच लहान!

दिल्लीच्या हायकोर्टात एक बाई बाकावर बसली होती, पहाडगंजहून आलेली. लूट आणि खुनाच्या गुन्ह्यात नवऱ्याला जन्मठेप झालेली, मी ज्यांच्या हाताखाली शिकत होते, त्या सरांनी केलेल्या अपिलाचा त्या दिवशी निकाल. आणि ही लाल सूट, हातभर बांगड्या, कोपरापर्यंत मेंदी! दर मिनिटाला ओढणी सारखी करून जिन्याकडे बघायची.

मी ज्ञान पाजळलं, "अपील में क़ैदी को नहीं लाते. जज साहब सिर्फ़ फ़ाइल देखते हैं."

तिचा चेहरा पडला. मग ओढणी डोक्यावर घेत म्हणाली, "चलो, फ़ाइल ही देख ले मुझे."

निकाल आला. शिक्षा रद्द, नवरा निर्दोष! मी, कायद्याची थोर पंडिता, भर कोर्टात टाळी वाजवली. सरांनी असं पाहिलं, की आता जन्मठेप मलाच. तिनेच मला ओढत बाहेर नेलं आणि आम्ही दोघी वेड्यासारख्या हसत सुटलो.

मधेच ती थबकली. "दीदी, इतने साल घर में मेरी ही चली. अब वो आके हर बात पे टोकेगा, है ना?"

मी धीराचं वाक्य शोधेपर्यंत ती भिंतीला टेकून, डोळे पुसत पुन्हा हसायला लागली होती.

"अरे, टोके तो सही!"