अंदाज आणि बेसनाचा डबा

आमच्या इमारतीच्या तळमजल्यावर यमुनाबाईंची मेस आहे आणि तिच्या बरोबर वर, पहिल्या मजल्यावर, आमचं घर. लग्नानंतर मी वाघोलीला राहायला निघाले तेव्हा सदाशिव पेठेतल्या मावशीने विचारलं होतं, "तिकडे मराठी बोलतात ना गं?" बोलतात. इथे आलेली परभणीकडची माणसं तर इतकं गोड बोलतात की पेठेत वाढलेल्या माणसाला आधी संशयच येतो.

यमुनाबाई परभणीकडच्याच. रोज सकाळी साडेनऊला हात पुसत त्या मेसच्या दारात येऊन उभ्या राहतात. रस्त्याकडे बघतात, आभाळाकडे बघतात, पलीकडच्या कॉलेजच्या गेटकडे बघतात आणि आत वळून एक आकडा सांगतात. "एकाहत्तर." की एकाहत्तर माणसांच्या कणकेत पाणी पडतं. मेसला महिन्याचं गिऱ्हाईक असलं म्हणून ते रोज येतंच असं थोडंच आहे? कुणी गावी जातं, कुणी झोपून राहतं, कुणाला बिर्याणीची आठवण होते, आणि एखादा येताना तीन मित्र घेऊन येतो. तरीही दुपारी अडीचला यमुनाबाईंच्या टोपल्यात उरल्याच तर दोन-तीन जणांच्या पोळ्या उरायच्या. हवामानखात्याला जमत नाही ते यमुनाबाईंना जमतं, असं आमच्या गल्लीत बोललं जायचं.

यंदा मात्र त्यांचे गुडघे बोलायला लागले. त्यांचे यजमान वैजनाथभाऊ कारखान्यातून निवृत्त झाले होते आणि मे महिन्यात दोघं कायमचे गावी जाणार होते. मेस सून चालवणार असेल तर गाळा ठेवायचा, नाहीतर सोडायचा. गाळ्यावर एक मोबाइलवाला डोळा ठेवून होताच.

सून म्हणजे पूर्णिमा. तिच्या हाताची पोळी सासूपेक्षा मऊ, हे मी दोघींनाही वेगवेगळं सांगितलेलं आहे. पण आकडा सांगायची वेळ आली की ही मुलगी भिंतीकडे बघायची. त्याला कारण होतं. तीन वर्षांपूर्वी यमुनाबाई भाच्याच्या लग्नाला गेल्या होत्या आणि पूर्णिमाने आपल्या अंदाजाने पन्नास जणांचं केलं. चौसष्ट आले. चौदा जणांना तिने हात जोडले आणि दारावर "जेवण संपले" अशी खडूने लिहिलेली पाटी अडकवली. आमच्या पेठेत अशी पाटी दुपारी एकला अभिमानाने लावतात. यमुनाबाईंनी परत आल्यावर ती काढली, माळ्यावर फेकली आणि एवढंच म्हणाल्या, "लेकरं उपाशी गेली व्हय?" पूर्णिमाने ते वाक्य आजवर जपून ठेवलं होतं.

फेब्रुवारीत गच्चीवर साबुदाण्याच्या पापड्या घालताना ती मला म्हणाली, "ताई, मला मेस पाहिजे. बारावी झाली की लग्न झालं, माझं म्हणून काम हे एवढंच. पण आत्याबाईंना दारात उभं राहून जे दिसतं ते मला दिसतच नाही हो." सासूला ती आत्याबाई म्हणते. "मला नुसता रस्ता दिसतो."

हे मी मेसमध्ये श्रद्धाजवळ बोलले. श्रद्धा म्हणजे कॉलेजच्या शेवटच्या वर्षाची मुलगी. शाखेचं नावच कृत्रिम बुद्धिमत्ता, त्यामुळे तिच्याशी बोलताना मी जरा सावरून बसते. तीन वर्षांपूर्वी उपाशी परत गेलेल्या चौदांपैकी ती एक. त्या दिवशी बिस्किटं खाऊन पेपर दिला, आणि त्याच पेपरात सगळ्यात कमी मार्क, हे ती पूर्णिमाला अजून ऐकवते.

"काकू, अहो हाच तर माझा प्रोजेक्ट आहे!" ती म्हणाली. "पूर्ण माहिती नसताना मशीनने निर्णय कसा घ्यायचा. अनसर्टन्टी. यमुनामावशींचा अंदाज मी मॉडेलमध्ये टाकते. मग पूर्णिमाताईंनी सकाळी फोन बघायचा, बस."

दुसऱ्या दिवशी ती लॅपटॉप घेऊन यमुनाबाईंसमोर बसली. यमुनाबाई मेथी निवडत होत्या.

"मावशी, किती लोक येणार हे तुम्हाला कसं कळतं?"

"कळतं."

"हो, पण कशावरून?"

"हे बघ, सोमवारी कमी येतेत. उपास असतेत."

श्रद्धाने टाइप केलं. सोमवार, कमी.

"पण परीक्षा असली तर सोमवारी जास्ती. परीक्षेला कोण उपास धरतंय?"

श्रद्धाने दुरुस्ती केली.

"पण पेपर गणिताचा असला तर कमी."

"का?"

"घशाखाली घास उतरत नाही लेकरांच्या."

"मावशी, म्हणजे नियम नक्की काय?"

"नियम हाय की. सोमवारी कमी येतेत." मेथीची एक काडी बाजूला टाकत यमुनाबाई म्हणाल्या, "बहुतेक."

श्रद्धाने कपाळाला हात लावला. मग मला समजावून सांगितलं की पूर्वी लोक मशीनला असे पक्के नियम शिकवायचे आणि प्रत्येक नियमाला अपवाद, अपवादाला अपवाद असं करता करता थकून जायचे. आता तसं करत नाहीत. आता मशीनला जुन्या नोंदी देतात, त्यावरून ते 'बहुतेक' स्वतः शिकतं, आणि बहुतेक म्हणजे किती टक्के तेही सांगतं.

"माणसाच्या भुकेचे टक्के?" यमुनाबाई म्हणाल्या. "बरं बाई."

नोंदी मात्र होत्या. यमुनाबाईंच्या वह्या. रोजच्या तारखेसमोर दोन आकडे, किती जणांचं केलं आणि किती जेवले. चार वर्षांचे आकडे भरायला श्रद्धाला आठवडा लागला. भरून झाल्यावर ती जिना धावत चढून माझ्याकडे आली. "काकू, मावशी जीनियस आहेत! चार वर्षांत त्यांच्या हातून एकदाही अन्न कमी पडलेलं नाही. उरलं तर दोन-चार ताटं, पण कमी एकदाही नाही. वहीत मावशींपेक्षा जास्त चुका तर माझ्या कॉपी करताना झाल्यात."

मी कौतुकाने मान हलवली. खरं तर तिथेच मला थांबून विचारायला हवं होतं. पण गॅसवर दूध होतं.

मार्च उजाडला तसं मशीन बोलायला लागलं. पहिले दहा दिवस यमुनाबाईंनी आपला आकडा सांगायचा आणि श्रद्धाने आपला दाखवायचा. दोघांत दोन-तीनच्या वर फरक नाही. मग ठरलं की एक आठवडा पूर्णिमाने फक्त फोन बघून स्वयंपाक करायचा. यमुनाबाईंनी खुर्चीत बसायचं आणि तोंड उघडायचं नाही. आठवडा नीट पार पडला तर गाळा ठेवायचा. वैजनाथभाऊंनी गाळ्याच्या मालकाला तसा निरोपही दिला.

सोमवार, मंगळवार, बुधवार छान गेले. पूर्णिमा पोळ्या लाटताना गुणगुणत होती. यमुनाबाई तोंड बंद ठेवायचं म्हणून सतत बडीशेप चघळत होत्या.

गुरुवारी सकाळी मशीनने सांगितलं, चौसष्ट. साठच्या खाली नाही, अडुसष्टच्या वर नाही, खात्री पंचाण्णव टक्के. शेवटच्या वर्षाची, दुसऱ्या शाखांची मुलं नोकरीच्या परीक्षेसाठी दुसऱ्या कॉलेजात जाणार होती, तेही श्रद्धाने मशीनला सांगून ठेवलं होतं. पूर्णिमाने चौसष्ट जणांचं केलं.

एक वाजता कळलं की परीक्षा रद्द झाली आहे. कळलं म्हणजे, बसमधून उतरलेला घोळका सरळ दारातच आला. दीड वाजता पोळ्यांचं टोपलं रिकामं, भाजीचं पातेलं खरवडलेलं, आणि सतरा मुलं ताट हातात घेऊन उभी.

मी खाली विरजण मागायला गेले होते. पूर्णिमाचा चेहरा पिठासारखा झाला होता. ती स्टुलावर चढली आणि माळ्यावर हात घालून ती जुनी पाटी शोधायला लागली. श्रद्धा फोनकडे बघत पुटपुटत होती, "पंचाण्णव टक्के... पंचाण्णव टक्के होतं ना..."

यमुनाबाई खुर्चीतून उठल्या. बोलायचं नाही असं ठरलं होतं, म्हणून बोलल्या नाहीत. भाताचा मोठा कुकर चढवला, ओट्याखालचा पत्र्याचा डबा पायाने पुढे ओढला आणि लसणाचे दोन गड्डे माझ्या हातात ठेवले. मी विरजण विसरून लसूण सोलायला बसले. वीस-पंचवीस मिनिटांत सतरा ताटांत गरम भात आणि त्यावर पिठलं. एकाने चाटूनपुसून विचारलंसुद्धा, "मावशी, पिठल्याचा दिवस आधी सांगत जा ना. पहिले जेवलेले उगाच फसतात."

सगळे गेल्यावर श्रद्धाने वही ओढली आणि लिहिलं, केले चौसष्ट, जेवले एक्क्याऐंशी.

"काय लिहायलीस?" यमुनाबाईंचं मौन सुटलं. "चौसष्ट लिही."

"मावशी, एक्क्याऐंशी जेवले."

"चौसष्ट जेवले. बाकीच्यांनी पिठलं खाल्लं. पिठलं काय मेसचं जेवण हाय का? ते घरचं. ते वहीत लिहीत नसतेत."

श्रद्धाने पेन खाली ठेवलं. "मावशी, असं... याआधी किती वेळा झालंय?"

"कधीमधी."

आणि मला एकदम आमच्या स्वयंपाकघराची खिडकी आठवली. दुपारी दीडच्या सुमाराला खालून येणारी लसणाची फोडणी. "महिन्यातून पाच-सहा वेळा तरी," मी म्हणाले. "आमचे हे रविवारी घरी असले की म्हणतात, यमुनाबाईंना पिठलं फार आवडतं वाटतं."

"मलाही तसंच वाटायचं," स्टुलावर बसलेली पूर्णिमा म्हणाली. पाटी तिच्या हातात तशीच होती. "लग्न होऊन आले तेव्हापासून. म्हणलं, आवडत असेल, म्हणून मुलांनाही देत असतील."

"मला तर मुळीच आवडत नाही," यमुनाबाई म्हणाल्या. "छातीत जळजळ होते."

कोपऱ्यात पेपर वाचत बसलेल्या वैजनाथभाऊंनी चष्मा काढला. "महिन्याला आठ किलो बेसन आणतो मी," ते सावकाश म्हणाले. "मेसला भजी नाही, झुणका नाही. एवढं बेसन जातं कुठं, हे विचारायचं बारा वर्षं राहून गेलं."

श्रद्धा हसायला लागली, पण तिचे डोळे लॅपटॉपवर होते. ती म्हणाली, "मशीनची चूकच नाही हो. त्याने वहीवर विश्वास ठेवला. ज्या ज्या दिवशी जास्त लोक आले, त्या त्या दिवशी वहीत तितकेच जेवले जितक्यांचं केलं होतं. चार वर्षांत अंदाज कमी पडल्याची एक नोंद नाही! त्याला वाटलं, असं जगात होतच नाही. म्हणून ते एवढं छातीठोक."

पूर्णिमा स्टुलावरून उठली. "आत्याबाई, आज सकाळी तुम्ही मनात किती धरले होते?"

यमुनाबाईंनी बडीशेपेचा डबा उघडला, बंद केला. "अडुसष्ट."

"म्हणजे तुमच्या अंदाजानेसुद्धा तेरा जण..."

"मग? तेरा जणांचं पिठलं केलं असतं. बेसन हाय की."

"म्हणजे तुमचाही चुकतो!"

"चुकत नाही," यमुनाबाई करारीपणाने म्हणाल्या. "कमी पडतो."

पूर्णिमा आधी रडली का आधी हसली हे मला नक्की सांगता येणार नाही, दोन्ही झालं. "तीन वर्षं," ती म्हणत होती, "तीन वर्षं मी तुमच्यामागे दारात उभी राहून रस्त्याकडे बघतेय, काय दिसतंय म्हणून! एकदा म्हणाला असता, पूर्णिमा, बेसन काढ!"

"त्यात काय सांगायचं? घरी पाव्हणा आला तर सांगावं लागतं का?" पण म्हणता म्हणता यमुनाबाईंचा आवाज खाली आला. मग त्यांनी सुनेला खुर्चीत बसवलं आणि स्वतः स्टुलावर बसल्या. "अगं माय, लोकांच्या पोटाचा अंदाज कुणाला येतो? डबा भरलेला असतो म्हणून मी दारात उभं राहून तोऱ्यात आकडा सांगते. डबा रिकामा असता तर मी पण भिंतीकडंच बघितलं असतं."

श्रद्धाला आता प्रोजेक्ट नव्याने करायचा होता. ती कुरकुरली, पण तिचे प्रश्न बदलले. चार पोळ्या उरल्या तर काय होतं? गाय खाते. चार कमी पडल्या तर? पोरगं उपाशी. "मग या दोन चुका मशीनने सारख्या धरायच्या का?" तिने विचारलं. यमुनाबाई तिच्याकडे अशा बघत राहिल्या की तिने उत्तर न घेताच टाइप केलं. गेल्या वर्षभराच्या पिठल्याच्या दिवसांचा श्रद्धाने आणि मी मिळून जमेल तसा माग काढला. काही मुलांच्या फोनमधल्या फोटोंवरून, काही वैजनाथभाऊंच्या किराणा यादीवरून, काही माझ्या नाकाच्या भरवशावर. श्रद्धाच्या परीक्षकांनी विचारलं की ही माहिती कुठून मिळाली. तिने सांगितलं, वरच्या मजल्यावरच्या काकूंकडून. माझं नाव अहवालात आहे म्हणे.

नवं मशीन आकडा सांगतं पण जरा लाजत सांगतं. साठ ते ब्याऐंशी, त्यातले सत्तर धरा. बाकीच्यांसाठी बेसन तयार ठेवा.

मोबाइलवाल्याला दुसरा गाळा बघावा लागला. मेच्या अखेरीला यमुनाबाई आणि वैजनाथभाऊ गावी गेले. जाताना यमुनाबाईंनी आपला फोडणीचा चमचा सोबत नेला, पूर्णिमाला आशीर्वाद थोडक्यात दिला. डबा मात्र काठोकाठ भरून दिला. त्याचं झाकण कधीच हरवलेलं आहे. पूर्णिमाने ती "जेवण संपले"ची पाटी पुसून त्यावर ठेवली आहे. मापात बसते.

जुलैत कॉलेज सुरू झालं. पहिल्या दिवशी साडेनऊला मी मुद्दाम खिडकीत होते. पूर्णिमा हात पुसत दारात आली. फोनकडे बघितलं, रस्त्याकडे बघितलं, आभाळाकडे बघितलं. मग आत वळून, अगदी सासूच्या थाटात म्हणाली, "अठ्ठ्याहत्तर."

दीड वाजता लसणाचा वास वर आला.

दुपारी मी खाली गेले तेव्हा ती फोनवर बोलत होती. फोन स्पीकरवर होता, कारण हात कणकेचे होते.

"किती कमी पडले?" पलीकडून यमुनाबाईंनी विचारलं.

"नऊ."

"जेवले का समदे?"

"जेवले. एकाने दोनदा मागितलं."

"वहीत लिहिलंस?"

"लिहिलं, आत्याबाई. वेगळा रकाना केलाय."

पलीकडे बडीशेपेचा डबा उघडल्याचा आवाज आला.

"लिही बाई," यमुनाबाई म्हणाल्या. "पण त्या श्रद्धाला सांग, माझ्या वेळी किती कमी पडायचं ते कुणाला सांगू नको म्हणावं. इथं गावात मला सोसायटीच्या जेवणावळीचा अंदाज विचारायलेत."