अर्ध्या वाटेची संथा

घनपाठी काकांच्या घरात वेदाचं एकही पुस्तक नव्हतं. दुर्गाघाटावरचं पिढ्यान्‌पिढ्या वेद सांगणारं घर, पण कोनाड्यात पाहावं तर पंचांग आणि चष्म्याचं घर, बस. "पुस्तकात पाहून म्हणणाऱ्याचं पुस्तक हरवलं की तो मुका," असं काका म्हणत. मंत्रातले शब्द पुढे-मागे गुंफून म्हणायची जी सर्वांत अवघड रीत आहे, तिला घन म्हणतात. ती येणारे आमच्या गल्लीत ते एकटेच उरले होते, म्हणून सगळ्यांचे घनपाठी काका.

गल्ली इतकी अरुंद, की त्यांची खिडकी आणि माझी खिडकी अगदी समोरासमोर. मी कॉलेजात इतिहास शिकवते. अमेरिकेचा पेपर माझ्याकडे आहे. एम.ए.च्या मुली शंका विचारायला घरी येतात. मी त्यांना जे समजावते ते काकांना आयतंच ऐकू जाई. एका सकाळी त्यांनी खिडकीतून विचारलं, "मास्तरीणबाई, काल त्या पोरींना सैतानाचं काय सांगत होतीस?"

मी सांगितलं. धर्मापायी इंग्लंड सोडून अमेरिकेच्या किनाऱ्यावर गेलेले कडवे लोक. जंगल तोडून त्यांनी घरं बांधली, प्रार्थनाघरं बांधली आणि थोड्याच वर्षांत विद्यालय काढलं, कारण आपल्यामागे अडाणी धर्मोपदेशक उरतील ही धास्ती. पुढे कायदाच केला, की वस्ती जरा मोठी झाली की तिनं मुलांना लिहा-वाचायला शिकवणारा मास्तर नेमायचा. माणसाला धर्मग्रंथ वाचता आला नाही, तर सैतानाचं फावतं.

कुठलीही गोष्ट ऐकली, की "मामला काय आहे?" असं स्वतःलाच विचारायची काकांना सवय होती. तसं त्यांनी विचारलं. मग म्हणाले, "मामला भीतीचा आहे. आपण गेल्यावर काय, ही भीती. ती ज्याला नाही, त्यानं शिकवू नये."

ती भीती त्यांच्या घरात रोज बसायला होती. त्यांच्याकडे बिहारमधून, नेपाळमधून मुलं शिकायला येत आणि पूजेपुरते मंत्र आले, की कामाला लागत. शेवटपर्यंत कोणी टिकेना. त्यांचा स्वतःचा मुलगा मुकुंद लहानपणी त्यांच्यापुढे बसे. गळा चांगला, स्मरण चांगलं. पण काकूंनी हट्टानं त्याला इंग्रजी शाळेत घातलं आणि काकांनी घालू दिलं. आता तो बॉस्टनजवळ इंजिनियर आहे. मी ज्या किनाऱ्याबद्दल शिकवते, त्याच किनाऱ्यावर.

काकू गेल्यावर वर्षभरानं मुकुंदचा फोन आला, "बाबा, माझं राहिलेलं शिकवा. व्हिडिओवर." काकांनी साफ नाही म्हटलं. गुरूमागून म्हणायची संथा समोर बसवून द्यायची असते. फोनवर स्वर तुटतो. यायचं तर ये आणि वर्षभर बस. नोकरी सोडून मुकुंदला येणं शक्य नव्हतं.

त्यानंतर काका अस्वस्थ असत. एकदा म्हणाले, "तुझ्या त्या कडव्या लोकांची मुलं कशी निघाली?"

"व्हायचं तेच झालं. आईबापांची तळमळ त्यांच्यात नव्हती. नियमानं त्यांची मुलं संघाबाहेर पडली असती. मग वडीलधाऱ्यांनी सवलत काढली. मुलांना दीक्षा मिळेल, पण मोठेपणी पवित्र प्रसादाला हात लावता येणार नाही. लोकांनी नंतर त्याला चेष्टेनं अर्ध्या वाटेचा करार म्हटलं."

"म्हणजे पंगतीला बसवायचं आणि वाढायचं नाही," काका म्हणाले. "भांडले असतील."

"खूप. एका घरात तर बाप सवलतीच्या बाजूचा आणि मुलगा कडक, विरुद्ध."

"मुलगा कडक?" त्यांना नवल वाटलं. "मग?"

"पुढे मुलाचं मत बदललं."

"बाप असताना, की गेल्यावर?"

"गेल्यावर."

 त्याच आठवड्यात सकाळी मला समोरून संथा ऐकू आली आणि मुलांऐवजी उत्तर द्यायला फोनवरून मुकुंदचा आवाज. त्याच्याकडे तेव्हा संध्याकाळ. संथा संपल्यावर काका म्हणाले, "हे तुझ्यापुरतं. पुढे कुणाला सांगायचं नाही. शब्द दे." मुकुंदनं दिला.

गोष्ट गल्लीत लपली नाही. वसंतपूजा म्हणजे वैदिकांना बोलावून मंत्र म्हणवून घेण्याचा सोहळा. त्या वर्षी काकांना बोलावणं आलं नाही. ते धुतलेलं उपरणं घेऊन दिवसभर खिडकीत बसून होते. मी संतापून बोलायला लागले, तर मला थांबवलं. "त्यांचं चुकलेलं नाही. त्यांच्या जागी मी असतो, तर मीही नसतं बोलावलं." हे म्हणणारा माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा फोनसमोर बसला. जे करतोय ते चूक आहे असं मानून ते शिकवत राहिले. त्यात त्यांची तब्येत खंगली, असं मला वाटतं.

माघातल्या थंडीत काका गेले. मुकुंद आला, घाटावरचं सगळं त्यानं केलं. परतण्याआधी माझ्याकडे येऊन बसला.

"ताई, एक अडचण आहे. मी संथा घ्यायचो तेव्हा माझी मुलगी शेजारी बसायची. मी तिला काही सांगितलं नाही, शब्द पाळला. पण तिचं ऐकून पाठ झालंय. आता ती पुढचं मागते. बाबांपासून मी हे लपवलं."

"काकांना माहीत होतं," मी म्हणाले. "मला सांगितलं त्यांनी. म्हणाले, फोनवर दोन आवाज येतात, दुसरा पोरीचा आहे, आणि स्वर बापापेक्षा चोख आहे."

मुकुंदनं विचारलं, "मग मला काही बोलले कसे नाहीत?"

"बोलले नाहीत. पण दुसऱ्या दिवसापासून संथा सावकाश द्यायला लागले. मला इथे ऐकू यायचं."

त्याला ते आठवलं असावं. बाबा थकले म्हणून सावकाश म्हणतात, असं आपण समजत होतो, असं तो म्हणाला. त्यानं डोळे पुसले. मग विचारलं, "एवढं होतं, तर मला शब्दातून मोकळं का केलं नाही?"

"धीर झाला नसेल," मी म्हणाले.

घनपाठी काकांबद्दल असं मी कधी बोलेन, हे मला स्वतःलाही खरं वाटलं नसतं. मुकुंदनं मान हलवली. समोरच्या घराला कुलूप लावून तो गेला. तिकडे जाऊन त्यानं काय ठरवलं, हे मी अजून विचारलेलं नाही.