तारखेच्या आदल्या दिवशीच्या कुरड्या

वीज केंद्राच्या राखेचे ट्रक ताडपत्रीने झाकूनच आमच्या वस्तीतून न्यायचे आणि रस्त्यावर रोज पाणी मारायचं, असा हायकोर्टाचा आदेश आहे. साधा आहे, दुसरीतल्या पोराला कळेल. ठेकेदाराला तो फक्त सुनावणी जवळ आली की कळायचा.

आदेश पाळला जात नाही म्हणून आम्ही अवमान याचिका टाकली. तारीख पडली की आदल्या दिवशी कोऱ्या निळ्या ताडपत्र्या, पाण्याचा टँकर, सगळं हजर. तारीख संपली की ताडपत्र्या गायब आणि राख परत आमच्या ताटात. मी यावर पत्रकं लिहिली, चांगली झणझणीत. वस्तीने वाचली आणि त्यांवर भजी ठेवून खाल्ली.

गल्लीच्या तोंडाशी राहणाऱ्या काकूंनी मात्र आपला मार्ग काढला. त्या कुरड्या विकतात, त्यावरच घर चालतं. राख बसलेली कुरडई कोण घेणार? म्हणून मी दिसले की एकच प्रश्न, "तारीख कधी आहे वं?" मी सांगायचे आणि त्या हिशेबाने त्या गहू भिजत घालायच्या. मला राग यायचा. मी न्याय मागत होते आणि काकू एका दिवसाचं स्वच्छ ऊन.

मार्चमधल्या सुनावणीआधी ठेकेदाराचा माणूस मोबाईल घेऊन आला. झाकलेले ट्रक, ओला रस्ता आणि कडेला काकूंच्या खाटेवर पांढऱ्याशुभ्र कुरड्या. ते फोटो ठेकेदाराच्या शपथपत्राला लागले: आदेशाचं पालन होत आहे, रहिवासी समाधानी आहेत. याचिका निकाली निघाली. पुन्हा उल्लंघन झालं तर पुरावा घेऊन या, एवढी मुभा मिळाली.

त्याच संध्याकाळी ट्रक उघडे धावले.

पुढे काकूंनी विचारलं तेव्हा मी सांगितलं, आता तारीखच नाही. पण त्यांनी एका लग्नघराची ऑर्डर घेतली होती, थांबून कसं चालेल? वरून जुन्या साड्या टाकून त्यांनी वाळवण घातलंच. कुरड्या राखाडी निघाल्या. लग्नघराने परत पाठवल्या.

मी तडक रामदासपेठेत वकिलांच्या ऑफिसात जाऊन भांडले. ते शांतपणे म्हणाले, फोटो आणा, आणि ज्यांचं नुकसान झालं त्यांचं नावानिशी शपथपत्र आणा. म्हणजे माझ्या कुरड्यांत राख आहे, हे काकूंनीच कोर्टात लिहून द्यायचं. मी काकूंच्या घरी जाऊन हे सांगितलं तेव्हा त्यांनी परत आलेल्या कुरड्यांची परात स्वतःकडे ओढली.

"पांढऱ्या होत्या तेव्हा त्याईनं फोटो काढला. आता काळ्या झाल्या त तू काढून राहिली. मंग माह्याकडून घेईन कोण वं?"

 राहू द्या, म्हणून मी उठले. तेवढ्यात दारावरून उघडा ट्रक गेला. काकूंनी खोकत दार लोटलं. मग पुन्हा उघडलं आणि परात बाहेर उजेडात आणून ठेवली.

"काढ फोटो. नावबी पुरं टाक. पण तारीख लवकर घे, ऊन आहे तोवर."

नवी याचिका दाखल झाली आहे. तारीख पडलेली नाही. काकूंनी गहू आणून ठेवलाय, डब्यात, कोरडाच.